भेकराच्या गळ्यातलं घुंगरू

भेकराचं पिल्लू पळत नाही. पळता येत असूनही पळत नाही. आई त्याला पातेऱ्यात बसवून चरायला जाते आणि ती परत येईपर्यंत ते कान अंगाला चिकटवून पडून राहतं. त्याच्या अंगाला वास नसतो. कुत्रं दोन हातांवरून गेलं तरी कुत्र्याला पत्ता लागत नाही. पाठीवर पांढरे ठिपके असतात, म्हणजे सुक्या पानांत उन्हाचे कवडसे पडलेत असंच वाटावं. देवानं एवढी सगळी सोय केली, पण चैत्रात माणसं दाढ भाजायला येतात हे काही त्याच्या ध्यानात आलं नसावं.

भात पेरायच्या आधी वाफ्यावर तोडलेल्या फांद्या, शेण आणि सुका पातेरा पसरून जाळायचा, म्हणजे रोपं जोमानं येतात. त्याला आमच्याकडे दाढ भाजणं म्हणतात. त्या सकाळी आम्ही दोघी जावा त्याच कामाला गेलो होतो. मी धाकटी. थोरलीचा नवरा मुंबईला एका सोसायटीत वॉचमन होता, गणपतीला आणि शिमग्याला तेवढा यायचा. माझा नवरा घरी, काजू आणि कलमं बघायचा. मला दोन पोरं होती, थोरलीला एकही नाही. आणि घरात सासरा होता, अर्ध्या अंगावरून वारं गेलेला, खाटेवर. त्याचं हगणंमुतणं थोरली काढायची. तिला कुणी ते काम नेमून दिलं नव्हतं. पहिल्या दिवशी ती उठली, आणि मग रोज तीच उठत राहिली. ही खाट लक्षात ठेवा. पुढं मी जे केलं ते त्या खाटेपायी केलं.

तर थोरलीनं झावळीची चूड पेटवून एका कडेला लावली. वारा आमच्या बाजूचा होता, जाळ सरसर पुढं निघाला. ती दुसऱ्या कडेला चूड टेकवणार तेवढ्यात तिला पातेऱ्यात डोळा दिसला. काळाभोर, ओला, उघडा. आग चार हातांवर आली होती आणि ते येडं हलत नव्हतं. हलायचं नाही एवढंच त्याला ठाऊक होतं. थोरलीनं चूड टाकली, हात घातला आणि ते उचलून पदरात घेतलं. मांजराएवढं होतं. छाती नुसती धाडधाड उडत होती.

मी म्हटलं, "वयनी, त्याला त्या करवंदीच्या जाळीत ठेव. आई येईल आणि घेऊन जाईल."

माझा बाप शिकारी होता. भेकराची आई पिल्लू टाकून जात नाही, दिवसातून दोनतीनदा येऊन पाजून जाते, हे मी परकर नेसत होते तेव्हापासून ऐकत आले होते. आई तिथंच कुठंतरी वर, दगडांच्या आडून आमच्याकडे बघत असणार. मला ते पक्कं माहीत होतं.

थोरली म्हणाली, "आई असती तर आगीत टाकून गेली असती?"

"अगो, आग तू लावलीस!"

"तुला काय, तुला दोन हायत," ती म्हणाली आणि पदर घट्ट केला.

लागली मला ती बोलणी. अशी लागली की मी म्हटलं, ने, ने बाई. घरी ने, आणि चार दिवसांनी परसात पुर. मी पुढं एक शब्द बोलले नाही. जोर लावून बोलले असते तर तिनं ऐकलं असतं, कारण रानातल्या गोष्टींत ती माझं ऐकायची. मला तिची फजिती बघायची होती. खरं ते खरं.

त्या दिवशी सांजवताना घरामागच्या सड्यावर, वरच्या कातळाच्या माळावर, भेकर भुंकायला लागलं. भेकराचं भुंकणं ज्यानं ऐकलं नाही त्याला सांगून कळायचं नाही. कुत्र्यासारखंच, पण एकेक सुटं, घोगरं, जीव काढून, थोडं थांबून परत. वाघरू दिसलं की ते असं ओरडतं, म्हणून सगळ्या वाडीला ती घंटाच. वाडीत ओरड झाली, "बिबट्या आलाय, बिबट्या!" शेरडं आत घेतली, कोंबड्या झाकल्या, पोरांना पडवीतून आत ओढलं, दारं लावली. दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्या दिवशी वाडीतले चार बापये काठ्या आणि बॅटऱ्या घेऊन सडा फिरून आले. बिबट्याचं काही दिसलं नाही.

मी चौथ्या सकाळी पाणी भरायला गेले. विहिरीपासून आमच्या न्हाणीपर्यंत चिखलात बारीक, टोकदार खूर उमटले होते. न्हाणीच्या भिंतीला लागून तर जागा नुसती तुडवलेली. भिंतीच्या आत टोपल्याखाली पिल्लू होतं. ती माउली आमच्यावर भुंकत होती, आणि आम्ही दारं लावून बिबट्या शोधत होतो. मी कळशीतलं पाणी ओतून खूर मोडले. थोरलीला सांगितलं असतं तर तिनं कदाचित परत नेऊन ठेवलं असतं. पाचव्या दिवसापासून भुंकणं बंद झालं.

पिल्लू मात्र मेलं नाही. फजिती माझीच झाली. दोन दिवस ते दूध पीत होतं पण पोट फुगून टम्म झालेलं, मरायला टेकलं होतं. रडून रडून थोरलीचे डोळे सुजले तेव्हा माझ्याच्यानं राहवेना. मी म्हटलं, "ओलं फडकं घेऊन त्याचं बूड पूस. आई चाटते तेव्हा त्यांना होतं, नाहीतर होत नाही." तिनं पुसलं. झालं! आणि ते बघून ती अशी हसली की जणू घरात बारसं आहे. सासऱ्याचं आणि त्याचं, दोघांचंही तीच काढायला लागली. शेळीच्या दुधात पाणी घालून कापसाची वात चोखवायची. त्याला नाव मात्र ठेवलं नाही. म्हणायची, नाव ठेवलं की नजर लागते.

मोठं होताना मी त्याला बघितलंय, आणि खोटं कशाला बोलू, बघावंसं वाटायचं. पिल्लू नर निघालं. पावसाळा संपेतो ठिपके गेले, अंग तांबूस झालं. तोंडावर कपाळापासून नाकाकडे दोन काळ्या घड्या. डोळ्यांखाली दोन खाचा, त्या तो उघडायचा आणि मिटायचा, आणि थोरलीच्या पातळाला घासून वास लावायचा. जीभ एवढी लांब की स्वतःचा डोळा स्वतः चाटून पुसायचा. फणसाची पानं, जास्वंद, पडलेले आंबे, सावरीची फुलं. सावरीच्या झाडाखाली तर दुपारभर जमीन हुंगत फिरायचा. मग सावलीत बसून रवंथ. घाबरला की शेपूट उभं, खालून पांढरंशुभ्र. पण त्याला घाबरायला होतंच काय? कुत्र्याच्या पाठीला पाठ लावून झोपायचा. आमचा कुत्रा त्याचे कान चाटायचा. माणूस आणि कुत्रा ही दोन जनावरं सोडून जगात कशाचीही भीती बाळग, असं त्याला आम्ही शिकवलं होतं.

वाडीतल्या बायका थोरलीला म्हणायच्या, "काय गो, तुझा चार पायांचा लेक कसा हाय?" ती रागवायची नाही. माझी पोरं आधी तिच्याभोवती असायची, वेणीफणी, शाळेचा डबा, सगळं तीच करायची. आता तिला वेळ नव्हता. पोरं माझ्याकडे आली. मला पोरांचं करायला लागलं म्हणून मी चिडले होते, हे लिहायला लाज वाटते, पण चिडले होते.

वर्ष उलटलं आणि त्याला शिंगं आली. भेकराचं शिंग बोटभर, पण ते केसाळ बुडख्यावर बसलेलं असतं. आधी मऊ कातड्यात असतं, मग ते कातडं सुटतं, लोंबतं, आणि आतून हाडाचं टोक निघतं. लोक शिंगांना भितात. भेकराचं खरं हत्यार तोंडात असतं. नराला वरचे दोन सुळे ओठांबाहेर येतात, कोयतीसारखे. माणसाच्या हातावर वाढलेला नर तर आणखी वाईट, कारण तो माणसाला आपल्यातलाच दुसरा नर समजतो. रानातला पळून जातो, हा अंगावर येतो. एका सकाळी मी कपडे वाळत घालत होते. मागून आला आणि डाव्या पोटरीला सुळा लावून वरपासून खालपर्यंत फाडली. रत्नागिरीला नेलं, टाके घातले. भेकर पाळलंय म्हणून सांगितलं तर जंगलखातं आत टाकेल, म्हणून नवऱ्यानं डॉक्टरला सांगितलं, कुत्रा चावला. मग काय! कुत्रा चावल्याची सगळी इंजेक्शनं मला घ्यायला लागली. दर खेपेला एसटीनं जायचं, टोचून घ्यायचं, लंगडत यायचं. आणि घरी आले की थोरली विचारायची, "तू त्याला काठी दाखवलीस काय?"

नवऱ्यानं सांगितलं, आता याला सोडायचा. थोरली म्हणाली, सोडला तर तुम्हीच मारून खाल. तेही खरं होतं. आमच्या वाडीत शिकार बंद आहे असं सगळे म्हणतात, आणि शिमग्याला चाकरमानी आले की रानात हाका घातला जातो, ओरडून जनावर बंदुकांपुढं काढतात. माझा नवराही त्यात असायचा.

तेव्हा थोरली देवीकडे गेली. आमच्याकडे अडलं नडलं की कौल लावतात. गुरव देवीच्या दोन्ही खांद्यांवर ओल्या फुलाच्या पाकळ्या चिकटवतो आणि गाऱ्हाणं घालतो. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. थोरलीनं मागणं मागितलं, हे जनावर तुझं म्हणून सोडते, याला कुणी हात लावू नये. वाडीतले सगळे बापये होते, बंदूकवालेही. उजवी पाकळी पडली. बैलजोडी विकली तेव्हापासून आमच्याकडे एक पितळी घुंगरू पडलं होतं, ते गुरवानं देवीच्या पायाला लावलं, तांबड्या दोरीत ओवलं आणि त्याच्या गळ्यात बांधलं. म्हणाला, "घुंगराच्या जनावराला जो हात लावील त्याचा वंश बुडेल." सगळ्यांनी हात जोडले. थोरलीच्या तोंडावर तेव्हा जे होतं ते मी तिच्या लग्नाच्या फोटोतही बघितलेलं नाही.

सोडला, पण तो लांब गेला नाही. आमच्याच काजूत आणि वरच्या सड्यावर राहिला. सांजेला थोरली पेज घेऊन काजूच्या गडग्याशी, दगडी कुंपणाशी, उभी राहायची, "ये रे राजा, ये." मग आतून घुंगरू वाजायचं. दहा पावलं चालायचा, थांबायचा, परत दहा पावलं. भेकर असंच चालतं, थांबून ऐकल्याशिवाय पुढं जात नाही. पण याला ऐकू काय येणार? सगळं आयुष्य ज्याच्या कानांवर चालतं त्याच्या गळ्यात आम्ही वाजणारी वस्तू बांधली होती. पहिले दोन दिवस तो जागचा हललाच नाही. हलला की वाजे, वाजलं की दचके. मग सवय झाली. बारीकसारीक आवाजाला कान फिरवायचंही त्यानं सोडून दिलं.

मी थोरलीला म्हटलं, "बिबट्याला जेवणाची घंटा बांधलीस तू." त्या थंडीत खरंच बिबट्यानं वाडीतला एक कुत्रा नेला होता.

ती म्हणाली, "देवी तारी त्याला कोण मारी?"

पुढचा शिमगा तोंडावर आला आणि थोरली भाचीच्या लग्नाला चार दिवस गुहागरला माहेरी गेली. जाताना मला दोन कामं सांगून गेली. सांजेला पेज द्यायची, आणि सासऱ्याचं करायचं.

पेजेचं सोडा. सासऱ्याचं सांगते. पहिल्या सकाळी मी खाटेपुढचा पडदा बाजूला केला आणि परसात जाऊन ओकले. परत गेले, डोळे मिटून केलं, परत ओकले. म्हातारा शुद्धीत होता. तो माझ्याकडे बघत होता आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी येत होतं, आणि मला त्याची कीव यायच्याऐवजी त्याचा राग येत होता. दिवसातून चारदा. मी चार दिवसांत समजले की थोरली या घरात काय होती. तिची किंमत समजली असं नाही म्हणत मी. ती गेली तर माझ्यावर काय येईल ते समजलं.

दुसऱ्या सांजेला मी पेज घेऊन काजूत गेले. हातात कोयती होती, त्याचा भरवसा नव्हता. तो आला, वाडग्यात तोंड घातलं. मान जाड झाली होती, दोरी कातड्यात रुतली होती, भोवतीचे केस गेले होते. पेज पिता पिता सारखा मान झटकत होता. मी कोयतीचं टोक दोरीखाली घातलं आणि कापली. घुंगरू माझ्या हातात आलं. तो दोन पावलं मागं सरला, कान फिरवले, एकदा पुढं, एकदा मागं. किती दिवसांनी त्याला रान ऐकू आलं असेल! मग आवाज न करता गेला.

का कापली? त्याचा गळा सोलवटला होता म्हणून, बिबट्याला कळू नये म्हणून. हे खरं आहे. आणि माझी पोटरी अजून ठणकत होती, आणि शिमग्याला चार दिवसही उरले नव्हते, आणि घुंगरू नसलेल्या भेकराचं काय होतं हे मला चांगलं ठाऊक होतं. हेही खरं आहे. मी परत जाऊन दुसरी दोरी बांधू शकत होते. दोन दिवस होते माझ्याकडे. घुंगरू मी तांदळाच्या कणगीत खुपसून ठेवलं.

थोरली यायच्या दिवशी सकाळी हाका झाला. दुपारी नवरा कुंभ्याच्या पानांत गुंडाळलेली मागची मांडी घेऊन आला. आमच्याकडे रीत आहे, डोकं गोळी घालणाऱ्याचं आणि मांडी ज्याच्या हद्दीत जनावर पडलं त्याची. भेकर आमच्या काजूत पडलं होतं.

हातपाय धुताना नवरा म्हणाला, "पळालंच नाय गो. कुत्री अंगावर आली तरी उभं, कुणी हाक मारलीय असं बघत. गळ्याभोवती केस गेलेले, खरूज असणार." मग माझ्याकडे न बघता म्हणाला, "देवीचं असतं तर घुंगरू असतं ना?"

"असतंच की," मी म्हटलं आणि वाटण वाटायला बसले.

थोरली दुपारच्या एसटीनं आली तेव्हा टोप चुलीवर होता. उन्हातून चालत आलेली, भुकेलेली. आल्या आल्या पदर खोचून सासऱ्याकडे गेली, त्याचं सगळं केलं, हात धुतले आणि पानावर बसली. विचारलं, "कसलं गो?"

"बोकडाचं. शिमग्याचं."

मी वाढलं. ती जेवली. परत मागून घेतलं. म्हणाली, "कोवळं हाय." हाडं कुत्र्याला टाकली. त्याचे कान चाटायचा तोच कुत्रा. मग वाडग्यात पेज ओतून गडग्याशी गेली, "ये रे राजा, ये." तिन्हीसांजा होईतो उभी होती. परत येऊन मला म्हणाली, "चार दिवस दिसले नाय म्हणून रुसला."

आणि माझा वंश काही बुडला नाही. दोन्ही पोरं ठणठणीत आहेत, मोठ्याला तर मागच्या वर्षी मुलगा झाला. देवीचं बोट कुठं वळतं कोण जाणे.

दोन वर्षं थोरली रोज पेज घेऊन जात होती. घुंगरू वाजत नव्हतं. हळूहळू तिनं हाक मारणं सोडलं, नुसती वाडगा ठेवून यायची, आणि मग तेही सुटलं. एके दिवशी मुंबईहून थोरल्या दिराचा, तिच्या नवऱ्याचा, फोन आला. विरारला भाड्यानं एक खोली घेतली आहे. गुडघे दुखतात, बाहेरचं जेवण आता पचत नाही. तू ये. लग्नाला तीस वर्षं झाली होती आणि तीस वर्षांत तो पहिल्यांदा "तू ये" म्हणाला होता. थोरली फोन ठेवून बराच वेळ उंबऱ्यावर बसली. मग उठून पेटी काढली. आमसुलं, कुळथाचं पीठ, दोन कोरी पातळं. वाडीभर सांगून आली. केसांना रंग लावायचा विचारही तिनं मला बोलून दाखवला आणि लाजली. मी तिची थट्टा केली, "नवरी निघाली गो नवरी!" ती मला हातातल्या फडक्यानं मारत होती, हसत होती. आणि माझं लक्ष पडद्यामागच्या खाटेकडे होतं.

सकाळची गाडी होती. आदल्या सांजेला ती न्हाणीत गेली तेव्हा मी कणगीत हात घातला.

काजूत गेले. दहा पावलं चालले, वाजवलं, थांबले. परत दहा पावलं, परत थांबले. तिसऱ्या खेपेला घराचं मागचं दार उघडल्याचा आवाज आला. ती ओल्या केसांनी, अनवाणी धावत येत होती, हातात पेजेचा वाडगा, अर्धी पेज सांडलेली. "ये रे राजा! ये रे माझ्या राजा!" मला पळायला वाट नव्हती. मी पातेऱ्यात आडवी झाले. घुंगरू मुठीत गच्च धरलं, श्वास धरला आणि पडून राहिले. ती माझ्यापासून दोन हातांवरून गेली. तिचे पाय कातळावर सोलपटलेले मला दिसले. मी हलले नाही.

ती घरी आली तेव्हा मी चुलीपुढं होते. तिनं माझे दोन्ही खांदे धरले आणि हलवले. "जिता हाय गो! लाजतो मेला, पुढं येत नाय, मोठा झाला ना!" रडत होती, हसत होती. माझ्या केसांत सुकं पान अडकलं होतं, ते तिनंच काढलं आणि चुलीत टाकलं. रात्रीचं जेवण झाल्यावर पेटी उघडली आणि पातळं परत फळीवर ठेवली.

सकाळी तिनं दिराला फोन केला. "मी येत नाय. हितं माझ्यावाचून अडतं एकाचं." पलीकडे तो काय बोलला ते मला ऐकू आलं नाही. फार काही बोलला नसावा, कारण लगेच फोन बंद झाला. तिनं पदर खोचला आणि सासऱ्याकडे गेली.

त्यानंतर तो गणपतीलाही आला नाही. काही वर्षांनी त्या खोलीतच गेला. शेजाऱ्यांना दुसऱ्या दिवशी कळलं. थोरलीनं मंगळसूत्र काढून देव्हाऱ्यात ठेवलं, आणि त्या सांजेलाही सासऱ्याचं अंग पुसायला तीच उठली. मधल्या काळात ती दोनदा म्हणाली होती, जाऊन चार दिवस बघून येते त्यांना. दोन्ही वेळा मी काजूत जाऊन आले.

सासरा गेला तेव्हा मला वाटलं, आता सांगून टाकावं. आता खाट रिकामी होती, माझं काही अडणार नव्हतं. घुंगरू पदरात बांधून मी तिच्याजवळ जाऊन बसले. मी तोंड उघडायच्या आत तीच म्हणाली, "त्या दिवशी तो आला नसता तर गेले असते मी. मग त्याला पेज कुणी दिली असती? देवीनंच राखलं मला." मी उठले आणि घुंगरू परत कणगीत ठेवलं.

रानातलं भेकर दहा-बारा वर्षं जगलं म्हणजे डोक्यावरून पाणी. या गोष्टीला पंधराच्या वर झाली. थोरली मोजत नाही. मी मोजते. माझे गुडघे गेलेत, काजूत चढवत नाही. पण आता चढायला लागतही नाही, कारण तिचे कान गेलेत. सांजवलं की ती वाडगा घेऊन मागच्या दारात बसते आणि माझ्याकडे वळून विचारते. कालही विचारलं.

"वाजलं काय गो?"

"वाजलं, वयनी," मी तिच्या कानाशी तोंड नेऊन म्हटलं. ती भिंतीला धरून उठली आणि पेज घेऊन अंधारात गेली.